लॅमिनेट केलेला निकाल

गेल्या सोमवारी वहिनींबरोबर मी पुन्हा त्यांच्या यजमानांच्या, म्हणजे भाऊंच्या, जुन्या कार्यालयात गेले. ही पाचवी खेप. भाऊ तिथे लिपिक होते. 1998 मध्ये त्यांच्यावर लाचेचा सापळा लागला, 2007 मध्ये शिक्षा झाली आणि महिन्याच्या आत बडतर्फीचा आदेश घरी आला. हायकोर्टाने 2019 मध्ये त्यांना निर्दोष सोडलं, पण त्यांची 58 वर्षं 2011 मध्येच भरली होती. 2022 मध्ये ते गेले. पेन्शनचा एक रुपयाही त्यांच्या हाती पडला नाही.

कायदा थोडक्यात असा. राज्यघटनेच्या 311व्या कलमामुळे, शिक्षा झालेल्या सरकारी कर्मचाऱ्याला खात्याची चौकशी न करता काढता येतं. त्यासाठी अपिलाच्या निकालापर्यंत थांबायची गरज नाही, असं सुप्रीम कोर्टाने 1995 मध्ये सांगितलं. मात्र अपिलात सुटला तर तो आदेश फिरवता येईल आणि परत घेतलेल्या माणसाला नोकरीत असल्यासारखेच सगळे लाभ मिळतील, हेही त्याच निकालात आहे. पुढच्याच वर्षी गुजरात वीज मंडळाच्या एका कर्मचाऱ्याची सेवा त्या कोर्टाने सलग धरली, मागचा पगार तेवढा नाकारला. पगाराबद्दल दुमत असू शकतं. पण सेवा सलग धरली की पेन्शन का अडावी, हे मला कुणीही पटवून दिलेलं नाही. पेन्शन म्हणजे सरकारची मेहेरबानी नव्हे, हे तर नकारा खटल्यात 17 डिसेंबर 1982 लाच ठरलं. त्याच तारखेला आपण पेन्शनर दिन पाळतो.

त्या सोमवारी कार्यालयातल्या साहेबांनी भाऊंच्या निकालाची पानं उलटली आणि एका ओळीवर बोट ठेवलं. ‘संशयाचा फायदा देऊन.’ म्हणाले, ही काही स्वच्छ सुटका नाही.

या तीन शब्दांचा मला आठवडाभर संताप येतो आहे. भाऊंना काढलं ते फक्त शिक्षेच्या आधारावर. चौकशी अधिकारी नेमला नाही, साक्षी झाल्या नाहीत, त्यांचं म्हणणं कुणी ऐकलं नाही. ती शिक्षाच रद्द झाल्यावर बडतर्फी कशावर उभी आहे? संशय उरला होता तर 2019 मध्ये, भाऊ जिवंत असताना, चौकशी लावायची होती. त्यांनी आनंदाने तोंड दिलं असतं. मेलेल्या माणसाने आता कुणासमोर उभं राहायचं?

निकालानंतर भाऊ रोज सकाळी इस्त्रीचा शर्ट घालून पोस्टमनची वाट बघत बसायचे. बडतर्फीचा आदेश पोस्टाने आला होता, तेव्हा उलटा आदेशही पोस्टानेच येईल, हा त्यांचा विश्वास. मला यात चूक दिसत नाही. शिक्षेची बातमी कार्यालयाला आपोआप कळते, तर सुटकेचा निकाल माणसाने बगलेत घेऊन का हिंडावं?

रायपूरच्या एका वृद्धाच्या बातमीचं कात्रण मी जपून ठेवलंय. मध्य प्रदेश एसटीतले बिल सहाय्यक. 1986 मध्ये 100 रुपयांच्या लाचेचा आरोप, 2004 मध्ये शिक्षा, छत्तीसगड हायकोर्टाकडून सुटका 2025 मध्ये. मधल्या काळात राज्य बदललं, महामंडळ गुंडाळलं गेलं. वयाच्या ऐंशीनंतर ते म्हणत होते, आता माझी पेन्शन द्या. हे वाचून भाऊंचा शर्ट आठवला आणि पुढचं वाचवेना.

साहेबांनी शेवटी टिपणी वर पाठवायचं कबूल केलं. त्यासाठी निकालाची सही-शिक्क्याची नक्कल हवी. वहिनींनी पिशवीतून ती काढून टेबलावर ठेवली. लॅमिनेट केलेली. भाऊंनीच करून घेतली होती, पावसाने खराब होऊ नये म्हणून. प्लॅस्टिकखालचा शिक्का कसा तपासू, म्हणून ती परत केली. वहिनी काही बोलल्या नाहीत. पदराने ती पुसली आणि पिशवीत ठेवली.

जिन्यात मी विचारलं, कुटुंब पेन्शन आणि ग्रॅच्युइटी मिळून किती येतील, काही हिशेब केलाय का? त्या म्हणाल्या, “पैसे येतील तेव्हा येतील गं. सेवापुस्तकात लाल शाईने ‘बडतर्फ’ लिहिलंय ना, ते आधी खोडून दे म्हणावं. नातू मोठा होतोय.”

गुरुवारी आम्ही दोघी हायकोर्टाच्या नक्कल शाखेत जाणार आहोत. दोन प्रती मागणार आहोत.