विजय हजारे : पडत्या डावाचा माणूस

विजय सॅम्युअल हजारे यांचा जन्म 11 मार्च 1915 रोजी सांगलीत झाला. घर मराठी ख्रिस्ती कुटुंबाचे, वडील शिक्षक, भावंडे बरीच. भारताच्या या अष्टपैलू खेळाडूने आणि कर्णधाराने 30 कसोटी सामन्यांत 47.65 च्या सरासरीने 2192 धावा केल्या आणि 20 बळी घेतले. प्रथम श्रेणीत त्यांच्या नावावर 18740 धावा, 60 शतके आणि 595 बळी आहेत. भारताने कसोटीत पहिला विजय मिळवला तो त्यांच्याच नेतृत्वाखाली. तरीही मर्चंट, मंकड, अमरनाथ ही नावे जितक्या सहज ओठांवर येतात तितके हजारे येत नाहीत. याला त्यांचा अबोल स्वभाव काही अंशी कारण असेल. पण त्यांच्या मोठ्या खेळी बहुतेक वेळा हरलेल्या किंवा अनिर्णित राहिलेल्या सामन्यांत झाल्या, हे अधिक मोठे कारण आहे. संघ कोसळला की हजारे उभे राहत. सामना त्यानेही वाचत नसे, आणि मग लोकांच्या लक्षात निकाल राही.

सुरुवातीची ओळख फलंदाज म्हणून होती तितकीच गोलंदाज म्हणूनही होती. संस्थानिकांच्या आश्रयाने क्रिकेट वाढण्याचा तो काळ. त्याच आश्रयामुळे हजारे यांना ऑस्ट्रेलियाचे लेगस्पिनर क्लॅरी ग्रिमेट यांचे मार्गदर्शन मिळाले. हजारे यांचा उभे राहण्याचा ढंग पुस्तकी नव्हता. बॅट दोन्ही पॅडच्या मध्ये धरलेली आणि मुठीवरचे हात एकमेकांपासून थोडे दूर, असे ते उभे राहत. ग्रिमेट यांनी तो ढंग बदलायला लावला नाही, ही त्या गुरूची मोठी जाण म्हणायला हवी. चेंडू टप्पा पडून येईपर्यंत थांबायचे आणि तो उशिरा, शांतपणे खेळायचा, अशी हजारे यांची पुढची सगळी फलंदाजी त्या अवघडलेल्या दिसणाऱ्या पवित्र्यातूनच झाली. गोलंदाजी मध्यमगतीची, चेंडू आत आणणारी आणि कधी खेळपट्टीवरून बाहेर काढणारी. वेगाची दहशत तिच्यात नव्हती, पण टप्पा सुटत नसे.

1939-40 च्या मोसमात पुण्यात बडोद्याविरुद्ध महाराष्ट्राकडून खेळताना त्यांनी नाबाद 316 धावा केल्या. प्रथम श्रेणी सामन्यात भारतीय फलंदाजाने केलेले हे पहिले त्रिशतक. प्रा. दि. ब. देवधरांच्या महाराष्ट्राने त्याच मोसमात रणजी करंडक जिंकला. हजारे तेव्हा पंचविशीत होते, म्हणजे कसोटी खेळायच्या ऐन वयात. पण युरोपात युद्ध पेटले होते. 1936 नंतर भारताला थेट 1946 मध्येच कसोटी सामना मिळाला. फलंदाजाची नजर आणि पाय सर्वांत चांगली साथ देतात ती ही वर्षे त्यांनी देशातल्या मैदानांवर काढली. सरासरीचे आकडे वाचताना ही दहा वर्षे डोळ्यांआड करू नयेत.

त्या वर्षांत मुंबईचे पंचरंगी सामने हाच मोठा रंगमंच होता. हिंदू, मुस्लिम, पारशी आणि युरोपियन असे धर्मावर आणि वंशावर बेतलेले संघ, आणि यांपैकी कशातच न बसणाऱ्यांचा पाचवा संघ, ‘रेस्ट’. ख्रिस्ती असल्यामुळे हजारे रेस्टकडून खेळत. अशा विभागणीला गांधीजींसह अनेकांचा विरोध होता आणि तो योग्यच होता. या स्पर्धा पुढे बंदही पडल्या. पण 1943 च्या हिवाळ्यात ब्रेबर्न स्टेडियमवर जे घडले त्याची चर्चा जुन्या मुंबईत पुढे कितीतरी वर्षे चालली. मुस्लिम संघाविरुद्ध हजारे यांनी 248 धावा काढून स्पर्धेतला वैयक्तिक धावांचा उच्चांक केला. अंतिम सामन्यात हिंदू संघाच्या विजय मर्चंट यांनी नाबाद 250 करून तो मोडला. हिंदू संघाने 5 बाद 581 वर डाव सोडला आणि रेस्टचा पहिला डाव 133 धावांत संपला. त्यांतल्या 59 हजारे यांच्या.

फॉलोऑननंतरच्या डावात रेस्टचा निम्मा संघ लवकर परतला. तेव्हा हजारे यांच्या जोडीला आला त्यांचा धाकटा भाऊ विवेक. या दोघांनी 300 धावांची भागीदारी केली, आणि त्या तीनशेत विवेकचा वाटा होता 21. या आकड्यावर थोडे थांबायला हवे. कित्येक तास एका टोकाला उभे राहायचे, एकेरी धावेला तत्परतेने धावायचे, चेंडू अडवायचा आणि भावाला खेळू द्यायचे, हे काम विवेकने केले. स्कोअरबुकात त्याची 21 ही नोंद क्षुल्लक दिसते. प्रत्यक्षात ती नसती तर पुढचे काहीच झाले नसते. संघाच्या 387 धावांत विजय हजारे यांच्या एकट्याच्या 309 होत्या. मर्चंटचा उच्चांक त्याच सामन्यात मोडला गेला. सामना मात्र रेस्टने एक डाव आणि 61 धावांनी गमावला.

1941 पासून हजारे बडोद्याकडून खेळू लागले होते, आणि पुढची वीस वर्षे ते त्याच संघाचे राहिले. मार्च 1947 मध्ये बडोद्यातच रणजी करंडकाचा अंतिम सामना झाला. समोर सी. के. नायडूंचा होळकर संघ. आधी हजारे यांनी 85 धावांत 6 बळी घेऊन होळकरचा डाव 202 वर आटोपायला मदत केली. मग 3 बाद 91 अशा अवस्थेत गुल महंमद आणि ते एकत्र आले. गुल महंमद डावखुरे आणि तडाखेबाज, हजारे सावध आणि बांधीव. चौथ्या गड्यासाठी 577 धावा झाल्या. गुल महंमद 319, हजारे 288. कोणत्याही गड्यासाठीची ती तेव्हाची जागतिक उच्चांकी भागीदारी. बडोद्याने एक डाव आणि 409 धावांनी करंडक जिंकला. सहा बळी आणि 288 धावा, त्याही एकाच अंतिम सामन्यात. अष्टपैलू या शब्दाचा याहून नेमका दाखला सापडणे कठीण. काही महिन्यांतच फाळणी झाली, आणि गुल महंमद पुढे पाकिस्तानकडूनही कसोटी खेळले.

कसोटीत हजारे आले ते 1946 च्या जूनमध्ये, लॉर्ड्सवर, वयाच्या 31 व्या वर्षी. त्या दौऱ्यात यॉर्कशायरविरुद्ध त्यांनी नाबाद 244 धावा काढल्या आणि गोलंदाजीचाही मोठा भार उचलला. पण त्यांचे नाव जगभर झाले ते 1947-48 च्या ऑस्ट्रेलिया दौऱ्यात. स्वतंत्र भारताचा हा पहिला कसोटी दौरा आणि प्रतिस्पर्धी ब्रॅडमनचा संघ. पावसाने बिघडलेल्या सिडनीच्या खेळपट्टीवर ऑस्ट्रेलियाचा डाव 107 धावांत गडगडला. हजारे यांनी 29 धावांत 4 बळी घेतले आणि ब्रॅडमनचा 13 धावांवर त्रिफळा उडवला. पावसामुळे सामना अनिर्णित राहिला.

ॲडलेडची चौथी कसोटी जानेवारी 1948 मधली. ऑस्ट्रेलियाने 674 धावा केल्या, ब्रॅडमन 201. त्याचा त्रिफळा पुन्हा हजारे यांनीच उडवला, पण तोवर व्हायचे ते होऊन गेले होते. उत्तरादाखल हजारे यांनी 116 आणि दत्तू फडकर यांनी 123 धावा केल्या, तरी भारत 381 वर थांबला आणि फॉलोऑन मिळाला. दुसऱ्या डावात धावफलकावर एकही धाव लागण्याआधी दोन गडी बाद झाले. पॅड सोडून जेमतेम श्वास घेतलेले हजारे पुन्हा मैदानात उतरले. समोर रे लिंडवॉल, त्या काळचा सर्वांत वेगवान आणि सर्वांत शिस्तबद्ध गोलंदाज. हेल्मेट नव्हते, मांडीला आणि छातीला आजच्यासारखी कवचे नव्हती. एका टोकाला लिंडवॉल 38 धावांत 7 बळी घेत होता, भारताचे सहा फलंदाज शून्यावर बाद होत होते, आणि दुसऱ्या टोकाला हजारे यांनी 145 धावा काढल्या. हेमू अधिकारी यांचे अर्धशतक ही त्यांना मिळालेली एकमेव भक्कम साथ. भारत 277 वर सर्वबाद झाला आणि एक डाव व 16 धावांनी हरला. कसोटीच्या दोन्ही डावांत शतक करणारे हजारे हे पहिले भारतीय. भारतीय फलंदाजाने परदेशात खेळलेल्या सर्वश्रेष्ठ खेळींची यादी कुणीही करावी, हा दुसरा डाव तिच्यात अगदी वर असायला हवा.

पुढच्याच वर्षी वेस्ट इंडीजचा संघ भारतात आला. मुंबईच्या शेवटच्या कसोटीत जिंकायला 361 धावा हव्या होत्या. रूसी मोदी यांचे 86 आणि हजारे यांचे 122, यांच्या बळावर भारत 8 बाद 355 पर्यंत पोहोचला. सहा धावा हव्या असताना, वेळ पुरती संपण्याच्या जरा आधीच पंचांनी बेल्स उचलल्या. पहिला कसोटी विजय अशा रीतीने हुकला आणि तीन वर्षे लांबला.

1951 च्या मोसमात इंग्लंडविरुद्धच्या मालिकेसाठी हजारे कर्णधार झाले. दिल्लीत पहिल्याच कसोटीत त्यांनी नाबाद 164 धावा केल्या, मर्चंट यांनी 154. मर्चंट यांची ती शेवटची कसोटी. पुढे मुंबईत हजारे यांचे 155. मुंबईचे आधीचे 122 धरून सलग तीन कसोटींत शतके करणारे ते पहिले भारतीय ठरले. कसोटीत हजार धावा पूर्ण करणारे पहिले भारतीयही तेच. दिल्लीचा सामना मात्र जिंकता आला असता असे अनेकांना तेव्हा वाटले. भारताची फलंदाजी संथ झाली आणि इंग्लंडच्या वॅटकिन्सने नाबाद शतक करून सामना वाचवला. कर्णधार म्हणून हजारे धोका पत्करायला कचरत, ही टीका इथून सुरू झाली, आणि ती पूर्णपणे निराधार नव्हती.

कानपूरची कसोटी गमावून भारत मद्रासला आला तेव्हा मालिकेत 0-1 असा मागे होता. 6 फेब्रुवारी 1952 ला सामना सुरू झाला आणि त्याच दिवशी राजा सहावा जॉर्ज यांच्या निधनाची बातमी आली. विनू मंकड यांनी पहिल्या डावात 55 धावांत 8 बळी घेतले. यष्टिरक्षक प्रबीर सेन यांनी त्यांच्या गोलंदाजीवर एकामागून एक फलंदाज यष्टिचीत केले. पंकज रॉय 111, पॉली उम्रीगर नाबाद 130, आणि हजारे यांनी 9 बाद 457 वर डाव सोडला. दुसऱ्या डावात मंकड आणि गुलाम अहमद यांनी चार-चार बळी घेतले. इंग्लंड एक डाव आणि 8 धावांनी हरले. 1932 पासूनच्या वीस वर्षांत, पंचविसाव्या कसोटीत, भारताचा हा पहिला विजय. हजारे यांच्या स्वतःच्या धावा त्यात थोड्याच होत्या. आयुष्यभर एकट्याने डाव सावरणाऱ्या या माणसाला पहिला विजय मिळाला तो इतरांनी आपापली कामे चोख बजावली त्या दिवशी.

त्यानंतरच्या उन्हाळ्यात इंग्लंडचा दौरा होता. लीड्सच्या पहिल्या डावात हजारे 89 आणि कोवळे विजय मांजरेकर 133, दोघांची 222 धावांची भागी. दुसऱ्या डावात मात्र पंकज रॉय, दत्ता गायकवाड, माधव मंत्री आणि मांजरेकर हे चारही फलंदाज अवघ्या 14 चेंडूंत शून्यावर परतले. पदार्पण करणाऱ्या फ्रेड ट्रूमनने त्यांतले तिघे टिपले. शून्यावर चार बाद! धावफलकावरचे ते आकडे आजही कसोटी इतिहासातला नीचांक आहेत. हजारे 56, फडकर 64, दोघांची 105 धावांची भागीदारी. पुन्हा तोच ॲडलेडचा प्रसंग, फक्त मैदान निराळे. मँचेस्टरला भारत एकाच दिवशी 58 आणि 82 धावांत दोनदा बाद झाला. ओव्हलवर 98 धावांच्या डावात हजारे यांच्या 38. मालिका 0-3 अशी गेली.

पाकिस्तानविरुद्धच्या पहिल्या मालिकेत नेतृत्व लाला अमरनाथ यांच्याकडे गेले. त्या मालिकेत मुंबईला हजारे यांनी नाबाद 146 धावा केल्या. 1953 च्या वेस्ट इंडीज दौऱ्यावर पुन्हा हजारेच कर्णधार होते. भारताचा हा कॅरिबियन बेटांचा पहिला दौरा. पाच कसोटींपैकी एकच हरली, उम्रीगर आणि सुभाष गुप्ते उजळून निघाले, पण कर्णधाराची बॅट मुकी झाली. तीच त्यांची शेवटची मालिका. नेतृत्व केलेल्या 14 कसोटींत 1 विजय, 5 पराभव, 8 अनिर्णित.

कर्णधारपदाने भारताचा एक महान फलंदाज हिरावून नेला, असे मत विजय मर्चंट यांनी मांडले होते. नेतृत्व घेतल्यावर सुरुवातीच्या दोन कसोटींत दोन शतके आली, त्यामुळे हे मत जसेच्या तसे मान्य करता येत नाही. पण मर्चंट यांचा रोख योग्य दिशेने होता. मितभाषी, संकोची माणूस; निवड समितीतले राजकारण आणि संघातले गट सांभाळण्यासाठी लागणारा कडकपणा त्यांच्याकडे नव्हता. त्यातच वय 36 ते 38. गोलंदाजीबाबतही असाच अन्याय झाला. कसोटीतली त्यांची बळींची सरासरी 61 आहे, पण प्रथम श्रेणीत तीच 24.61 आहे. कसोटीत त्यांचे बळी घेण्याचे दिवस युद्धाने खाल्ले आणि नंतर फलंदाजीच्या ओझ्याखाली गोलंदाजी मागे पडली.

बडोद्याकडून ते साठच्या दशकाच्या सुरुवातीपर्यंत खेळत राहिले. 1960 मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली. 1981 मध्ये त्यांचे ‘अ लाँग इनिंग्ज’ हे आत्मचरित्र प्रसिद्ध झाले. 18 डिसेंबर 2004 रोजी वडोदऱ्यात, वयाच्या 89 व्या वर्षी त्यांचे निधन झाले. देशातली राज्य संघांची एकदिवसीय स्पर्धा आज विजय हजारे करंडक या नावाने खेळली जाते.

बडोद्यातल्या त्या 577 धावांच्या भागीदारीचा जागतिक उच्चांक संगकारा आणि जयवर्धने यांनी 2006 मध्ये कोलंबोत 624 धावा करून मोडला. रणजी करंडकातला उच्चांक 2016 मध्ये महाराष्ट्राच्या स्वप्नील गुगळे आणि अंकित बावणे यांनी मागे टाकला, म्हणजे हजारे यांनी त्रिशतक केले त्याच संघाने; 2024 मध्ये गोव्याच्या कश्यप बखले आणि स्नेहल कवठणकर यांनी तोही ओलांडून 606 धावा केल्या. या तिन्ही भागीदाऱ्या तिसऱ्या गड्यासाठीच्या आहेत. चौथ्या गड्यासाठी हजारे आणि गुल महंमद यांची 577 अजून कुणी गाठलेली नाही.