पेटी, पियानो आणि पोटाचा प्रश्न

आपल्या सुशिक्षित घरांतून संगीताविषयीं एक अलिखित नियम पिढ्यान्‌पिढ्या पाळला जातो. मुलानें पेटी शिकावी, मुलीनें चार पदें बसवावीं, गणपतीच्या दिवसांत आरतीला साथ करावी, पाहुणे मंडळींनीं माना डोलवाव्या. परंतु प्रकरण तेथेंच संपावें. विद्या म्हणून संगीताला देवघराशेजारीं पाट, आणि धंदा म्हणून त्यालाच उंबऱ्याबाहेरची वाट, असा हा न्याय आहे. आमच्या बीड जिल्ह्यांतील एकत्र कुटुंबांत तर तो अधिकच कसोशीनें चालतो. मुलाचीं बोटें पेटीवर सहज फिरूं लागलीं म्हणजे आजी दृष्ट काढते, पण तोच मुलगा शाळा संपतांना म्हणाला, "मला लातूरच्या शिकवणीवर्गाला जावयाचें नाहीं, अंबाजोगाईच्या वैद्यकीय महाविद्यालयांतहि जावयाचें नाहीं, मला वाद्यच वाजवावयाचें आहे," तर त्याच आजीच्या डोळ्यांना पदर लागतो, वडील अबोला धरितात, आणि "हा खाणार काय?" असा प्रश्न काका ओसरीवर टाकितात.

काकांचा प्रश्न वावगा नाहीं. तो विचारणारें कोणी तरी घरांत असावें, हें एकत्र कुटुंबाचें भूषणच आहे. आमचें म्हणणें इतकेंच कीं, प्रश्न विचारल्यावर उत्तर ऐकावयासहि बसावें. कोरड्या उपदेशापेक्षां प्रत्यक्ष आयुष्याचें उदाहरण अधिक बोलकें असतें. म्हणून या महिन्यांत आम्ही लुई बँक्स यांची कारकीर्द वाचकांपुढें ठेवीत आहों. जाझ नांवाच्या पाश्चात्य संगीतांतील ते नामांकित पियानोवादक व रचनाकार. आणि त्यांच्या कर्तृत्वाचा मोठा भाग घडला तो आपल्या मुंबईंत.

जाझ म्हणतांच वडील मंडळींच्या डोळ्यांपुढें नाचघर आणि मद्याचे पेले उभे राहतात. ही समजूत अगदींच निराधार नाहीं. मुंबईंत हें संगीत ताजमहाल हॉटेलासारख्या ठिकाणीं रुजलें. १९३० नंतरच्या दशकांत टेडी वेदरफोर्ड हे अमेरिकन कृष्णवर्णीय पियानोवादक तेथें वाजवीत असत. परंतु ज्या समाजानें हें संगीत निर्माण केलें, तो गुलामगिरींतून बाहेर पडलेला समाज होता, आणि त्याचें दुःख व त्याचा उल्हास हे दोन्ही त्या सुरांत उतरले आहेत. शिवाय, नाट्यसंगीत तरी आपल्या देवघरापर्यंत कोणत्या वाटेनें आलें? ज्या काळीं नाटकमंडळींत जाणें म्हणजे घराण्याला बट्टा समजला जाई, त्याच काळांतील पदें आज आपल्या मुली मंगळागौरीला म्हणतात.

जाझची मांडणी आपल्या श्रोत्याला परकी वाटूं नये अशी आहे. प्रथम सारे वादक मिळून ठरलेली चाल वाजवितात. मग तिच्या चौकटींत राहून एकेक जण आपल्या बुद्धीनें विस्तार करितो. आवर्तन सुटूं देत नाहीं. आणि अखेरीस सारे पुन्हां मूळ चालीवर येतात. बंदिश, उपज आणि सम हीं ज्याला ठाऊक आहेत, त्याला याहून अधिक ओळख करून देण्याचें कारण नाहीं. भेद आहे तो एवढाच कीं, आपला कलावंत एका रागाच्या स्वरांत विहार करितो, तर जाझवादक एकाच वेळीं उमटणाऱ्या तीन-चार स्वरांच्या जुळणीचा आधार घेत पुढें सरकतो. पियानोचें महत्त्व येथेंच आहे. पट्ट्यांच्या वाद्यांत मींड निघत नाहीं, हा आक्षेप आपल्या पेटीवरहि होता. त्या आक्षेपापायीं १९४० सालीं आकाशवाणीनें पेटी बंद केली आणि ती बंदी तीस वर्षांवर टिकली. पियानोंत ही उणीव आहेच. परंतु दहाहि बोटांनीं स्वरांची जुळणी उभी करण्याचें त्याचें सामर्थ्य ती उणीव भरून काढतें.

लुई बँक्स यांचा जन्म १९४१ सालीं दार्जिलिंग येथें एका नेपाळी कुटुंबांत झाला. मूळ नांव डंबरबहादूर. त्यांचे आजोबा बखतबहादूर यांनीं नेपाळच्या जुन्या राष्ट्रगीताची चाल बांधिली होती. वडील पुष्करबहादूर ट्रंपेट नांवाचें तोंडानें वाजविण्याचें वाद्य वाजवीत. कलकत्त्याच्या युरोपियन वाद्यवृंदांत वावरतांना त्यांनीं जॉर्ज बँक्स हें नांव घेतलें, आणि विख्यात अमेरिकन ट्रंपेटवादक लुई आर्मस्ट्राँग यांच्यावरून मुलाचें नांव लुई ठेविलें. मुलानें गिटार व ट्रंपेट हाताळून अखेरीस पियानो धरिला. शिक्षण वडिलांपाशीं आणि उमेदवारीहि वडिलांच्याच वाद्यवृंदांत! आपण ज्याला घराणें म्हणतों, तें याहून निराळें तें काय? त्यांचे पुत्र जिनो हेहि पुढें तालवादक झाले.

यांतील एक गोष्ट आम्ही मुद्दाम उघड करितों. या मुलाला "खाणार काय?" असें विचारणारें घर नव्हतें, घरचा उद्योगच तो होता. आपल्या घरांतील मुलाला ही सोय नाहीं. तेव्हां बँक्स यांचें नांव घेऊन मुलानें वडिलांशीं वाद घालूं नये, आणि तें ऐकून वडिलांनींहि एकदम विरघळूं नये. पाहावयाचें तें असें कीं, घरची अनुकूलता असूनहि या माणसाला पोटासाठीं काय काय करावें लागलें.

काठमांडूस वडिलांबरोबर त्यांनीं हॉटेलांत पाहुण्यांसाठीं पियानो वाजविला. तेथून ते कलकत्त्यास आले आणि पार्क स्ट्रीटवरील ब्लू फॉक्स या उपाहारगृहांत आपला वृंद घेऊन बसूं लागले. पॅम क्रेन या गायिका व गोव्याचे सॅक्सोफोनवादक ब्राझ गोन्साल्विस हे त्यांचे तेथील सहकारी. समोरचा श्रोता जेवत असतो, गप्पा मारीत असतो. त्याच्यासाठीं रोज सायंकाळीं ठरलेल्या वेळीं वाजवावयाचें, आणि त्यांतूनच आपली उपज जिवंत ठेवावयाची, अशी ती नोकरी होती. पुढें राहुलदेव बर्मन यांनीं त्यांचें वादन ऐकून त्यांना चित्रपटसंगीतासाठीं बोलाविलें, आणि सत्तरीच्या दशकांत ते मुंबईकर झाले.

मुंबईच्या चित्रपटसृष्टींत जाझच्या लोकांना ही वाट पूर्वींच पडली होती, आणि ती पाडण्यांत आपल्या शेजारच्या नगर जिल्ह्यांतील एका मराठी माणसाचा मोठा वांटा होता. पुणतांब्याचे रामचंद्र चितळकर, म्हणजेच सी. रामचंद्र, यांनीं १९५१ सालच्या 'अलबेला' चित्रपटांत चिक चॉकलेट या नांवानें प्रसिद्ध असलेल्या गोमंतकीय ट्रंपेटवादकाची साथ घेतली होती. गोव्याच्या चर्चशाळांतून स्वरलिपि शिकून आलेले असे कितीतरी वादक मुंबईस होते. संगीतदिग्दर्शकानें चाल गुणगुणावी, आणि कोणत्या वाद्यानें कोठें काय वाजवावयाचें तें कागदावर उतरून देणारा संयोजक बहुधा गोमंतकीय असावा, अशी तेथील रीत होती. शंकर-जयकिशन यांच्या कित्येक गाण्यांमागें सॅबेस्टियन डिसोझा यांची लेखणी होती. ल्युसिला पाशेको या गोमंतकीय बाई त्या वाद्यवृंदांतून पियानो व सॅक्सोफोन वाजवीत, हें आमच्या भगिनींनीं ध्यानांत ठेवावें. मात्र गाणें घरोघरीं पोंचलें तरी या वादकांचीं नांवें तबकडीवर बहुधा छापलीं जात नसत.

बँक्स यांनीं हीच चाकरी केली. चित्रपटाच्या ध्वनिमुद्रणांत वाजविलें. जाहिरातींसाठीं अर्ध्या-पाऊण मिनिटाच्या चाली बांधिल्या. साबण, चहा, दंतमंजन यांसाठीं चाली रचणें हें कलावंताला हिणकस वाटावें. परंतु त्या कामानें हाताला वेग येतो, घड्याळाचा धाक बसतो, आणि थोडक्यांत पुष्कळ सांगण्याची संवय जडते. १५ ऑगस्ट १९८८ रोजीं दूरदर्शनवर प्रथम दाखविलें गेलेलें 'मिले सुर मेरा तुम्हारा' हें गीत आमच्या वाचकांपैकीं बहुतेकांच्या कानांत आहे. त्याचा आरंभ पंडित भीमसेन जोशी यांच्या स्वरानें होतो. त्या गीताच्या संगीतामागें आपले अशोक पत्की आणि लुई बँक्स हे दोघे होते, आणि दोघांचाहि हात जाहिरातींच्या कामांत तयार झालेला होता. भैरवीच्या सुरांत एवढ्या भाषा आणि एवढे आवाज थोड्याशा मिनिटांत एका धाग्यांत ओंवणें, हें काम ज्याच्या अंगीं काटकसर मुरलेली आहे त्यालाच साधावें.

परंतु चाकरींत सारें आयुष्य त्यांनीं विकलें नाहीं, हाच या कारकीर्दीचा गाभा आहे. १९७८ पासून मुंबईंत जाझ-यात्रा नांवाचे महोत्सव भरूं लागले होते. त्या सुमारास बँक्स यांनीं ब्राझ गोन्साल्विस आणि कर्नाटक संगीतांतील गायिका रामामणि यांना बरोबर घेऊन राग व जाझ यांचा मेळ घालण्याचा उद्योग आरंभिला. या कामाला जाहिरातीसारखा पैसा मिळण्याजोगा नव्हता. तरी तें त्यांनीं सोडलें नाहीं. याच वाटेनें पुढें २००८ सालीं दोन ध्वनिमुद्रिका प्रसिद्ध झाल्या: एक जॉन मॅक्लॉफलिन यांची 'फ्लोटिंग पॉइंट', आणि दुसरी माइल्स डेव्हिस यांच्या संगीताला भारतीय वादकांनीं वाहिलेली 'माइल्स फ्रॉम इंडिया'. दोहोंतहि बँक्स यांचें वादन आहे, आणि दोहोंनाहि अमेरिकेंतील ग्रॅमी पारितोषिकासाठीं नामांकन मिळालें. पारितोषिक दुसऱ्या कोणास गेलें; पण साठी उलटून गेलेल्या माणसानें तरुणाच्या उत्साहानें तेथवर मजल मारावी, हें लहानसहान नव्हे.

आतां ओसरीवरच्या प्रश्नाकडे वळूं. या चरित्रापासून पालकांनीं काय घ्यावें? "मुलाला सोडा, तो बँक्स होईल," असें आम्ही मुळींच म्हणत नाहीं. एका बँक्समागें शेंकडों वादक अनामिक राहिले, आणि गेल्या शतकाच्या अखेरीस संगणक व विजेवर चालणारीं स्वरवाद्यें आल्यावर पन्नास-पन्नास वादकांचे ताफे पाहतां पाहतां विरून गेले. म्हणून कीर्तीच्या आशेवर या धंद्यांत कोणीहि पडूं नये. आमच्या मतें मुलाची कसोटी एकच: आपलें नांव कोठेंहि न छापतां, दुसऱ्याच्या गाण्यामागें बसून, रोज ठरल्या वेळीं तो आनंदानें वाजवील काय?

ही कसोटी घेण्यास मुंबईला जाण्याची गरज नाहीं. आपल्या जिल्ह्यांत गांवोगांव सप्ताह होतात, कीर्तनें होतात. कीर्तनकार एकदम पट्टी बदलतात, मध्येंच अभंग तोडून कथेंत शिरतात. मागें बसलेल्या पेटीवाल्यानें त्यांना सोडावयाचें नाहीं आणि त्यांच्या पुढेंहि जावयाचें नाहीं. आमच्या जिल्ह्यांतील शंकरबापू आपेगांवकर यांचा पखवाज अशाच भजनाच्या अंगणांतून मैफलीच्या मंचावर गेला. मुलाला वर्षभर अशी साथ करूं द्यावी. टाळ्या कीर्तनकाराला मिळत असतां जो पेटीमागें बसून सुखी असतो, दुसऱ्या दिवशीं सांगितल्यावांचून वेळेवर येतो, आणि चुकलेली जागा घरीं येऊन पन्नास वेळां घोटतो, त्याच्या मागें घरानें उभें राहावें. ज्याला केवळ मंच हवा आहे, त्याला वर्षाच्या आंत आपण होऊनच उमगेल.

उभें राहावें म्हणजे नुसती परवानगी देऊन हात झटकावे, असें नव्हे. राग आणि स्वरलिपि दोन्ही शिकण्यासाठीं गुरूची फी द्यावी. दोन-तीन वर्षांची मुदत ठरवावी. पहिल्या बिदागीचा हिशेब, नोकरीच्या पगाराचा घेतों तितक्याच आदरानें घ्यावा. आणि लग्नघरांत वाजविल्याबद्दल मिळालेले पैसे त्यानें आणून दिले, तर ते देवापुढें ठेवावे. तोंड फिरवूं नये. एकत्र कुटुंबाचें बळ याचसाठीं असतें कीं, चार मिळवत्या माणसांच्या आधारावर पांचव्याला आपला हात तयार करण्याइतका अवधि मिळावा. तो अवधि आपण वकिलीसाठीं दिला, वैद्यकीसाठीं दिला, स्पर्धापरीक्षांसाठीं तर पांच-पांच वर्षें देतों. पेटीसाठीं दोन वर्षें द्यावयास हरकत कोणती, याचा विचार काका आणि वडील यांनीं एकत्र बसून करावा. आणि तो करितांना मुलालाहि शेजारीं बसवून घ्यावें, हें आमचें सांगणें आहे.