चार आठवड्यांनी या

दक्षिण कोरियाच्या केबीएस-2 वाहिनीवर 1999 ते 2009 आणि पुन्हा 2011 ते 2014 या काळात ‘प्रेम आणि युद्ध’ नावाची मालिका चालली. दर आठवड्याला नवं जोडपं आणि नवं भांडण. कुठे नवऱ्याची भानगड, कुठे लपवलेलं कर्ज, कुठे लेकाच्या संसारातून पाय न काढणारी सासू. मालिका भडक होती, त्याबद्दल वाद नाही. तरीही संसार मोडण्याच्या बाबतीत ती आपल्या रोजच्या मालिकांपेक्षा प्रामाणिक होती, आणि ते श्रेय तिच्या साच्याला द्यायला हवं. भागाच्या शेवटी जोडपं कौटुंबिक न्यायालयाच्या समेट समितीपुढे बसायचं. ज्येष्ठ नट शिन गू समितीचे अध्यक्ष. दोघांचं ऐकून घेऊन ते त्यांना चार आठवड्यांनी यायला सांगत. हे वाक्य कोरियात घरोघरी थट्टेत वापरलं जाऊ लागलं. पुढच्या आठवड्यात दुसरंच जोडपं येणार असल्यामुळे आधीचं लग्न टिकवण्याची किंवा लांबवण्याची लेखकाला गरजच नसे. याउलट आपल्याकडे ‘माझ्या नवऱ्याची बायको’ 2016 ते 2021 चालली. एका भानगडीवर इतकी वर्षं काढायची तर बायकोला सुटता येत नाही आणि नवऱ्याला सुधारता येत नाही.

समेट समितीच्या त्या टेबलाचं मोल कळायला तेव्हाचा कोरियन कायदा पाहावा लागतो. व्यभिचार हा 2015 पर्यंत तिथे तुरुंगवासाचा गुन्हा होता, आणि जोडीदाराविरुद्ध तक्रार टिकवायची तर आधी घटस्फोटाचा दावा लावावा लागे. पुरुषाला कुटुंबप्रमुख मानणारी नोंदणीपद्धत 2008 मध्ये संपली. अशा देशात नवरा आणि बायको समोरासमोर, सारख्याच खुर्च्यांवर बसून बोलताहेत, हे दृश्य दर आठवड्याला दिसणं साधं नव्हतं.

अशा मालिका पाहून घरं मोडतात, हा आक्षेप जुनाच. पण कोरियात घटस्फोटांनी 2003 मध्ये कळस गाठला, सुमारे 1 लाख 67 हजार. 2009 पर्यंत आकडा 1 लाख 24 हजारांच्या आसपास उतरला, आणि ही सगळी वर्षं मालिका चालूच होती. अर्थात उताराचं श्रेयही तिचं नव्हे. जून 2008 पासून परस्परसंमतीच्या घटस्फोटाआधी विचाराची सक्तीची मुदत आली: मुलं असतील तर तीन महिने, नसतील तर एक.

दुसरा आक्षेप मला अधिक गंभीर वाटतो. थांबा म्हणणं दरवेळी निःपक्षपाती नसतं. मार खाणाऱ्या बाईला चार आठवडे म्हणजे त्याच घरातल्या आणखी अठ्ठावीस रात्री. हिंसाचार असेल तर मुदत कमी किंवा माफ करण्याची सोय कोरियन कायद्याने ठेवली. मालिकेच्या साच्यात मात्र कर्जबुडव्याच्या बायकोला आणि मारकुट्याच्या बायकोला तेच चार आठवडे.