प्रलंबित विश्वस्त

सार्वजनिक न्यासातील नेतृत्वबदलाचा वाद एकदा कोर्टकचेरीत शिरला की संस्थेचा कारभार कसा चालला आहे हा प्रश्न मागे पडतो आणि तो करण्याचा अधिकार कोणाचा, एवढ्यावरच वर्षे खर्ची पडतात. महाराष्ट्र सार्वजनिक विश्वस्तव्यवस्था अधिनियम, १९५० याच्या कलम २२ नुसार विश्वस्तांमध्ये बदल झाल्यास तो ९० दिवसांच्या आत उपधर्मादाय किंवा सहायक धर्मादाय आयुक्तांना कळवावा लागतो. संस्थांच्या बोलीत या अर्जाला ‘चेंज रिपोर्ट’ म्हणतात आणि तो मंजूर झाला की नवी नावे अधिकृत नोंदवहीत, म्हणजे ‘परिशिष्ट एक’मध्ये, चढतात. बदल आधी घडतो आणि नोंद मागाहून होते, हा क्रम कलमाच्या शब्दांतच आहे. त्यामुळे रीतसर निवडून आलेल्या विश्वस्ताने नोंदीची वाट पाहत हातावर हात ठेवून बसावे, अशी कायद्याची अपेक्षा दिसत नाही. बँक आणि शिक्षणाधिकारी मात्र परिशिष्ट एकचा उताराच मागतात आणि त्यावर जुनीच नावे असतात.

साहजिकच अर्ज रेंगाळण्यात ज्याचा ताबा आहे त्याचे हित गुंतते. निवडणूक हरलेल्या गटाला वाद जिंकावाही लागत नाही. सभेची नोटीस सर्वांना मिळाली नाही, गणपूर्ती नव्हती, इतिवृत्तावरील सह्या मागाहून घेतल्या, यांपैकी एखादी हरकत नोंदवून तारखा पडत राहिल्या तरी त्याचे काम भागते. तोवर संस्थेत दोन अध्यक्ष, दोन सचिव आणि दोन इतिवृत्तपुस्तके तयार होतात, आणि मुख्याध्यापकाने कोणाच्या पत्रावर शिक्षकाची नेमणूक करायची हे त्यालाही कळेनासे होते. पहिल्या निवडणुकीचा अर्ज निकाली निघण्यापूर्वीच दुसऱ्या निवडणुकीची वेळ येते. मग ही निवडणूक ज्यांनी बोलावली त्यांना ती बोलावण्याचा अधिकार होता काय, हे पहिल्या अर्जाच्या निकालावर अवलंबून राहते, आणि मधल्या काळात नव्याने घेतलेले सभासद खरे की मतांसाठी भरलेले, याचाही निवाडा तेथेच अडकतो. अशी अर्जांची उतरंड एकदा रचली गेली की तळाचा अर्ज फेटाळला जाताच वरचे सगळे कोसळतात.

२०१७ च्या दुरुस्तीने यावर उतारा शोधला. विश्वस्तांच्या नावांतील बदल तात्पुरता स्वीकारावा, ३० दिवसांत हरकती मागवाव्यात, हरकत न आल्यास तो कायम व्हावा आणि आल्यास तीन महिन्यांत चौकशी पुरी करावी, असे तिचे सूत्र आहे. निर्विवाद बदलांची सोय त्यातून झाली, हे मान्यच करावे लागेल. परंतु जेथे वाद आहे तेथे एका हरकतीने गाडी पुन्हा जुन्याच रुळावर येते आणि मुदत पाळली गेली नाही तर पुढे काय, याचे उत्तर पक्षकारांच्या हाती काही देत नाही.

मोठ्या न्यासांचे वाद वेगळ्या वाटेने जातात. ऑक्टोबर २०२४ मध्ये रतन टाटा यांच्या निधनानंतर नोएल टाटा हे टाटा ट्रस्ट्सचे अध्यक्ष झाले आणि वर्षभराने तेथील विश्वस्त मेहली मिस्त्री यांना अन्य काही विश्वस्तांच्या विरोधामुळे मुदतवाढ मिळाली नाही. आपले म्हणणे ऐकल्याशिवाय बदल नोंदवू नये, असे केव्हियट त्यांनी धर्मादाय आयुक्तांकडे दाखल केले. पण नोव्हेंबर २०२५ मध्ये ते स्वतःच बाजूला झाले. तहहयात विश्वस्तांचे प्रमाण एक चतुर्थांशावर आणणारी राज्य सरकारची २०२५ ची दुरुस्तीही याच प्रकरणामुळे चर्चेत आली. तालुक्याच्या गावातील वाचनालयाला किंवा शिक्षणसंस्थेला या दुरुस्तीने फारसा फरक पडणार नाही, कारण तेथील भांडण पदाच्या मुदतीपेक्षा मतदार कोण यावर पेटते.

म्हणून दुरुस्ती सभासदयादीपाशी हवी. लेखापरीक्षण अहवालाबरोबर दरवर्षी सभासदांची यादीही दाखल करून घेतली आणि वादाच्या वेळी तीच ग्राह्य धरली, तर ऐनवेळी सभासद भरण्याला आळा बसेल. एकाच संस्थेचे तुंबलेले सर्व अर्ज एकत्र घेऊन सर्वांत जुन्यापासून निकाली काढण्याचे बंधन अधिकाऱ्यांवर असावे. कायदा बदलायला वेळ लागेल. परंतु परिशिष्ट एकचा उतारा देताना त्या संस्थेचे किती अर्ज कोणत्या वर्षापासून प्रलंबित आहेत हे त्यावरच छापणे, निदान बँक आणि शिक्षणाधिकारी यांच्या माहितीसाठी, धर्मादाय आयुक्तालयाला आजही अवघड नाही.