हप्ता कळला, पण कर्ज कळलें काय ?

आमच्या पेठेंतील व्यापारी मंडळींचा हिशेबीपणा प्रसिद्ध आहे. शेंकडा पाव रुपयाच्या अडतीवरून जे दिवसभर घासाघीस करतील, आणि उधारीच्या वहींत एक आंकडा खोडलेला दिसला तर मुनिमास रात्रीं घरीं जाऊं देणार नाहींत, असे गृहस्थ आम्हांस हवे तितके दाखवितां येतील. परंतु ह्यांपैकींच ज्यांनीं राहत्या घराकरितां कर्ज काढलें आहे, त्यांस 'तुमचें घर तुम्हांस कितीस पडलें ?' असें विचारावें आणि उत्तर ऐकावें. हप्ता किती, हें ते तत्काळ सांगतील. व्याजाचा दर बहुधा सांगतील. पण एकंदर किती रुपये जाणार, त्यांत व्याज किती, व आजच्या तारखेस मुद्दल किती उरलें आहे, असें विचारतांच बहुतेकांची जीभ अडखळते. परवां असेच एक कापडाचे व्यापारी आमच्याकडे कागद घेऊन आले होते. वीस वर्षांच्या कर्जाचे दहा वर्षें हप्ते एकही न चुकवितां भरले; तेव्हां निम्में तरी फिटलें असेल, अशा समजुतीनें ते उरलेली रक्कम एकदम भरावयास गेले, आणि तेथें आंकडा ऐकून आपणांस कोणी तरी नाडलें आहे असा संशय घेऊन परतले. नाडणूक कांहीं नव्हती. हिशेब बरोबर होता; तो त्यांस दहा वर्षांत कोणीं समजावून दिला नव्हता व त्यांनींही विचारला नव्हता, इतकेंच.

तो हिशेब आज आम्ही वाचकांपुढें मांडतों. त्या गृहस्थांचा दर मध्यंतरीं अनेक वेळां बदलला असल्यामुळें त्यांचे आंकडे न घेतां सोपें उदाहरण घेऊं. कर्ज ५० लक्ष रुपये, दर साल दर शेंकडा साडेआठ, मुदत वीस वर्षें. ह्याचा मासिक हप्ता, ज्यास बँकेंत ईएमआय म्हणतात तो, ४३,३९१ रुपये येतो. पहिल्याच हप्त्याचे दोन भाग पाडून पाहा. ५० लक्षांवर एका महिन्याचें व्याज ३५,४१७ रुपये झालें. तेव्हां मुद्दलांत जमा होण्यास उरले ७,९७४ रुपये. पहिल्या वर्षांत ५ लक्ष २० हजारांवर रक्कम भरूनही मुद्दल एक लक्षानेंही उतरत नाहीं. दहा वर्षें संपलीं, १२० हप्ते गेले, ५२ लक्ष ७ हजार रुपये बँकेच्या पदरांत पडले, म्हणजे मूळ कर्जाहूनही अधिक रक्कम देऊन झाली. तरी त्या दिवशीं ३५ लक्ष रुपये मुद्दल शिल्लक असतें! निम्में मुद्दल फिटावयास चौदावें वर्ष सरत यावें लागतें. अखेरीस सर्व हप्त्यांची बेरीज होते १ कोटी ४ लक्ष १४ हजार रुपये, पैकीं व्याज ५४ लक्ष १४ हजार.

कोणी म्हणेल, मुद्दलाहून व्याज अधिक हें आमच्या जुन्या दामदुपटीच्या नियमाविरुद्ध नव्हे काय ? हा प्रश्न आम्हांस खरोखरच एका सुशिक्षित मित्रानें केला, म्हणून वकिलीच्या संवयीनें दोन शब्द लिहितों. दामदुपटीचा नियम असा कीं, कोणत्याही एका वेळीं थकलेलें व्याज मुद्दलाहून अधिक मागतां येऊं नये. मुंबई इलाख्यांतील न्यायालयें हिंदु ऋणकोच्या बाबतींत हा नियम मान्य करीत असत. परंतु त्याचा सारा भर 'एका वेळीं' ह्या शब्दांवर आहे. जो ऋणको महिन्याच्या महिन्यास व्याज चुकतें करतो, त्याचें व्याज थकतच नाहीं; आणि थकत नाहीं म्हणून वीस वर्षांत त्यानें मुद्दलाच्या दुप्पट व्याज दिलें तरी तो नियम त्याच्या साह्यास येत नाहीं. नेकीनें देणाऱ्यास ह्या नियमाचा आसरा नाहीं, ही मौज आहे खरी. परंतु त्यांत धनकोचा अन्याय आहे असें आम्ही म्हणणार नाहीं. शिल्लक राहिलेल्या मुद्दलावर ठरल्या दरानें व्याज आकारणें हें उघड व्यवहाराचें आहे. आमची तक्रार निराळी आहे. ऋणकोस जें दाखविलें जातें तें हप्त्याचें रूप, आणि तो ज्यावर सही करतो तें मुदतीचें व दराचें रूप. ह्या दोहोंमधील अंतर त्यास कोणी मोजून देत नाहीं.

मुदतीचेंच घ्या. वरील हप्ता जड वाटतो असें गिऱ्हाइकानें म्हणतांच, 'मग तीस वर्षांची मुदत घ्या' असें गोड उत्तर येतें. हप्ता ३८,४४६ वर उतरतो. दरमहा पांच हजारांस थोडे कमी वाचतात, आणि घरांत आनंद होतो. परंतु तीस वर्षांची बेरीज १ कोटी ३८ लक्ष ४० हजार होते. म्हणजे महिन्याच्या ह्या सवलतीची किंमत ३४ लक्ष २६ हजार रुपये ! उलट पंधरा वर्षांची मुदत घेतली तर हप्ता ४९,२३७ होतो, पण एकंदर व्याज ३८ लक्ष ६३ हजारांतच आटोपतें. जो मनुष्य दुकानांत शंभर रुपयांच्या सुटीसाठीं तीन दुकानें हिंडतो, त्यानें ह्या तीन ओळी सही करण्यापूर्वीं एकदां कागदावर लिहून पाहाव्या.

दराची गोष्ट याहून नाजूक. हल्लींचीं बहुतेक गृहकर्जें बदलत्या दराचीं असतात. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांनीं नवीं बदलत्या दराचीं गृहकर्जें बाहेरच्या एखाद्या मानकास, म्हणजे बहुधा रिझर्व्ह बँकेच्या रेपो दरास, बांधावीं असा नियम झाला. तत्पूर्वीं २०१० पासून एक पद्धत होती, २०१६ पासून दुसरी; आणि जुन्या पद्धतीवर ज्यांचें कर्ज आहे त्यांनीं स्वतः मागितल्यावांचून तें नव्या पद्धतीवर आपोआप येत नाहीं, ही गोष्ट पुष्कळांस ठाऊक नाहीं. गृहवित्त कंपन्यांवर तर हें बंधन नाहीं. त्यांचा दर त्यांच्या स्वतःच्या मानकावर चालतो.

आतां मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ ह्या नऊदहा महिन्यांत काय घडलें तें आठवा. रेपो दर शेंकडा चारावरून साडेसहावर गेला. समजा, २०२१ सालीं कोणीं पावणेसात टक्क्यांनीं ५० लक्ष वीस वर्षांकरितां घेतले होते. हप्ता ३८,०१८. एक वर्ष हप्ते भरल्यावर मुद्दल ४८ लक्ष ७७ हजारांवर आलें, आणि दर सव्वानऊ झाला. ह्या मुद्दलावर महिन्याचें व्याजच ३७,५९७ होतें. हप्ता तोच ठेवला तर मुद्दलांत ४२१ रुपये पडतात, आणि कर्ज फिटण्यास आणखी सुमारें ४९ वर्षें लागतात! दर टप्प्याटप्प्यानें वाढला, म्हणून प्रत्यक्षांत आंकडे थोडे मागेंपुढें झाले असतील. पण प्रकार हाच. पुष्कळ ठिकाणीं हप्ता न वाढवितां मुदत मुकाट्यानें लांबविली गेली. बाप साठीस आला तरी कर्ज उरणार, हें त्यास एका मोबाईल संदेशानेंही कळविलें गेलें नाहीं. ह्याचा बोभाटा झाल्यावर १८ ऑगस्ट २०२३ रोजीं रिझर्व्ह बँकेनें फर्माविलें कीं, दर बदलतांना हप्ता वाढवावा, मुदत वाढवावी कीं दोन्ही करावें, हें ऋणकोस विचारावें. व्याज हप्त्याबाहेर जाऊन मुद्दल वाढतें अशी स्थिति येऊं देऊं नये. आणि दर तिमाहीस व्याज किती वसूल झालें, मुद्दल किती फिटलें, हप्ते किती उरले, ह्याचें पत्रक द्यावें. पुढें २०२५ सालीं फेब्रुवारीपासून जूनपर्यंत रेपो दर साडेसहावरून साडेपांचावर उतरला. चढतांना लांबलेली मुदत उतरतांना तितकी आंखडली कीं नाहीं, हें तिमाही पत्रक मागून ज्याचें त्यानें पाहावें.

ह्याखेरीज किरकोळ म्हणून सांगितल्या जाणाऱ्या रकमा. कर्जाबरोबर विमा घ्यावयास लावतात व त्याचा हप्ता कर्जांतच मिळवून टाकतात. दीड लक्षाचा विमा असा वीस वर्षांच्या कर्जांत मिळविला, तर साडेआठ टक्क्यांनीं तो ३ लक्ष १२ हजारांस पडतो. विमा वाईट नव्हे. कर्त्या पुरुषामागें घर बायकामुलांस मोकळें राहावें ही इच्छा योग्यच. पण तो रोकडीनें, वेगळा, चार ठिकाणीं भाव विचारून घ्यावा. बांधकाम चालू असलेलें घर घेतलें तर ताबा मिळेपर्यंत निव्वळ व्याज भरण्याची सोय असते. सारी रक्कम बिल्डरास पोंचलेली असतां अशीं दोन वर्षें गेलीं, तर वरील उदाहरणांत साडेआठ लक्ष रुपये गेले आणि मुद्दलांतील एक पैही हलली नाहीं. शिवाय राहत्या जागेचें भाडें चालूच.

आणि प्राप्तीकराची सूट ! 'कर्ज असूं द्या, कर वाचतो' हें वाक्य आम्हीं इतक्यांच्या तोंडून ऐकलें आहे कीं तें कोठें छापून वाटतात कीं काय, अशी शंका येते. जुन्या करपद्धतींत राहत्या घराच्या व्याजापैकीं वर्षास दोन लक्षांपर्यंतच वजावट मिळते. आमच्या उदाहरणांत पहिल्या वर्षाचें व्याज ४ लक्ष २१ हजार. तीस टक्के कर देणाऱ्याचे त्यांतून ६२ हजार वाचतात. नव्या पद्धतींत राहत्या घरास ही वजावट मुळींच नाहीं. ६२ हजार वाचविण्यासाठीं ४ लक्ष २१ हजार खर्चणें हा सौदा आमच्या पेठेंतील कोणता व्यापारी आपल्या मालाच्या बाबतींत करील ?

आमच्यावर एक आक्षेप येईल, व तो योग्य आहे. वीस वर्षांनंतरचा रुपया आजच्या रुपयाएवढा नसतो. महागाई सालीना पांच टक्के धरली तर शेवटचा ४३,३९१ चा हप्ता आजच्या सुमारें सव्वासोळा हजारांच्या मोलाचा उरतो. शिवाय भाडें वाचतें, घराची किंमतही वाढूं शकते. हें सारें आम्हांस मान्य आहे, आणि म्हणूनच कर्ज काढूंच नये असें आम्ही सांगत नाहीं. परंतु हा दिलासा ज्याची प्राप्ति महागाईबरोबर वाढते त्याचा. ज्याचें दुकान पुढल्या रस्त्यावरच्या मोठ्या दुकानानें झांकोळलें, किंवा ज्याची नोकरी चाळिशींत गेली, त्यास हप्ता पहिल्या दिवसाइतकाच जड असतो; किंबहुना अधिक.

तेव्हां करावें काय ? हातीं जादा पैसा येईल तेव्हां तो आरंभींच मुद्दलांत घालावा. आमच्या उदाहरणांत पहिल्या वर्षाअखेर दोन लक्ष रुपये जादा भरले व हप्ता तोच ठेवला, तर शेवटचे सुमारें २१ हप्ते, म्हणजे ९ लक्षांहून अधिक रुपये, टळतात. हेच दोन लक्ष पंधराव्या वर्षीं भरले तर इतका लाभ होत नाहीं. बदलत्या दराच्या गृहकर्जावर मुदतीपूर्वीं फेडीबद्दल दंड घेण्यास बँकांस २०१२ पासून मनाई आहे. मात्र घरांत सहा महिन्यांचा खर्च शिल्लक ठेवूनच हें करावें. बँकेंत भरलेला पैसा आजारपणांत परत मागतां येत नाहीं.

दुसरी गोष्ट कागदाची. १८७५ च्या मे महिन्यांत सुपें येथें व भोंवतालच्या गांवीं शेतकऱ्यांनीं सावकारांचीं खतें जाळलीं, तीं व्याज दिलें म्हणून नव्हे, तर आपण किती दिलें व किती राहिलें हें त्यांस कधींच कळत नव्हतें म्हणून. त्या दंग्यानंतर १८७९ चा दक्षिणेंतील शेतकऱ्यांचा कायदा झाला, व त्यांत शेतकऱ्यास पावती, सालअखेरचा हिशेब आणि पासबुक मागण्याचा हक्क मिळाला. आजच्या ऋणकोस असाच हक्क आहे. १ ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक नव्या कर्जाबरोबर, सर्व खर्च धरून पडणारा वार्षिक दर व फेडीचें संपूर्ण कोष्टक असलेलें मुख्य माहितीचें पत्रक देणें बंधनकारक झालें. आणि तें ऋणकोस समजेल अशा भाषेंत असावें, असें रिझर्व्ह बँकेच्या आज्ञेंतच आहे. मग पुण्यास, नाशिकास, सोलापुरास आमचे वाचक इंग्रजी पत्रकावर सह्या कां करतात ? मराठी पत्रक मागावें. तें दिलें नाहीं तर सही लांबणीवर टाकावी, आणि नकार लेखी मागावा. दहा गिऱ्हाइकांनीं एका आठवड्यांत असें केलें तर अकराव्यास तें न मागतां मिळेल.

आणि शेवटचा हप्ता भरल्यावर पेढे वाटून स्वस्थ बसूं नये. खरेदीखत वगैरे मूळ कागद बँकेच्या तिजोरींत असतात, ते तीस दिवसांच्या आंत परत मिळाले पाहिजेत. तिच्या दोषानें उशीर झाल्यास दर दिवसास पांच हजार रुपये भरपाई देण्याचा नियम १ डिसेंबर २०२३ पासून लागू झाला आहे. कागद यादीप्रमाणें मोजून घ्यावे, बोजा उतरल्याचा दाखला घ्यावा, आणि गहाणाची नोंद जेथें जेथें झाली असेल तेथून ती कमी झाल्याचा उतारा स्वतः पाहावा.