पासवर्डही अमानतच आहे



कोकणातल्या कितीतरी घरांतले कमावते पुरुष आखाती देशांत नोकरीला आहेत. इकडे बँकेचे व्यवहार, वीजबिल, मुलांची फी हे सारे घरातली स्त्री मोबाईलवरून सांभाळते. एवढे पासवर्ड लक्षात राहत नाहीत, म्हणून ते नोट्समध्ये किंवा स्वतःलाच पाठवलेल्या व्हॉट्सअॅप मेसेजमध्ये एकत्र लिहून ठेवले जातात. सोय होते खरी, पण हे तिजोरीची किल्ली तिजोरीलाच लावून ठेवण्यासारखे आहे.

अशा यादीला वेगळे कुलूप नसते. फोन उघडा मिळाला की 'पासवर्ड' शब्द शोधताच ती सापडते. दुरुस्तीला दिलेला फोन, विकलेला जुना फोन, बँकेच्या नावाने कुणी डाउनलोड करायला लावलेले स्क्रीन दाखवणारे अॅप, वाट कोणतीही असो, हाती सगळेच लागते. ओटीपीही त्याच फोनवर येतो. मोठ्यांनाही हे भोवले आहे. २०१४ मध्ये सोनी पिक्चर्सवर सायबर हल्ला झाला, तेव्हा बाहेर आलेल्या फाईलींत 'पासवर्ड' नावाचे अख्खे फोल्डर होते.

मग काय करावे?

• पासवर्ड मॅनेजर अॅप वापरा. त्यात यादी कुलूपबंद राहते. एकच मोठा पासवर्ड लक्षात ठेवावा लागतो.
• ते जमत नसेल तर वहीत लिहा आणि वही कपाटात कुलपात ठेवा. फोनच्या कव्हरमध्ये चिठ्ठी नको.
• एटीएम आणि यूपीआयचा पिन कुठेच लिहू नका.
• ईमेलचा पासवर्ड सर्वांत मजबूत ठेवा. तो गेला की बाकीचे पासवर्ड बदलता येतात.
• जुनी यादी पुसल्यावर पासवर्डही बदला. बॅकअपमध्ये तिची प्रत उरलेली असू शकते.

पैसे गेलेच तर संकोच न करता लगेच बँकेला आणि १९३० या हेल्पलाइनला कळवा.

त्या यादीत केवळ आपलेच पैसे नसतात. सासूबाईंची पेन्शन असते, शौहरची परदेशातली कमाई असते, हजसाठी साठवलेली रक्कम असते. सूरह निसामध्ये अमानत तिच्या हक्कदारांपर्यंत पोहोचवण्याचा हुकूम आहे. पोहोचवायची तर आधी ती जपायला हवी. आज रात्रीच घरच्यांसोबत बसून ती यादी शोधा.