आधी तपासू, मग उघडू

२७ जून २०१७. न्हावाशेव्याला जेएनपीटीमधल्या गेटवे टर्मिनल्स इंडियाचे संगणक बंद पडले आणि कंटेनरची कामे हाताने उरकायची वेळ आली. हे टर्मिनल चालवणाऱ्या मर्स्क समूहावर ‘नॉटपेट्या’ हा घातक प्रोग्रॅम आदळला होता. तो पसरला युक्रेनमधल्या एम.ई.डॉक या कराच्या हिशेबाच्या सॉफ्टवेअरमधून, नेहमीच्या अपडेटच्या वाटेने. मर्स्कला ४५,००० संगणक नव्याने उभे करावे लागले.

घात फक्त मोठ्यांचाच होतो असे नाही. मरोळ एमआयडीसीतल्या छोट्या गाळ्यात बऱ्याचदा एकाच संगणकावर टॅली, जीएसटी आणि बँक असते. त्यावर ‘इनव्हॉइस.पीडीएफ.ईएक्सई’ अशी फाइल येऊन पडली, तर हिशेबनिसाला दिसते फक्त ‘इनव्हॉइस.पीडीएफ’. कारण नावाचे शेवटचे शेपूट विंडोज एरवी लपवून ठेवते. म्हणून पहिली पायरी नावाची. फाइल एक्स्प्लोररच्या ‘व्ह्यू’मध्ये जाऊन ते शेपूट दिसेल असे करावे. बिल म्हणून आलेल्या फाइलला ‘ईएक्सई’ असेल, तर ती उघडायचीच नाही.

दुसरी पायरी सहीची. प्रोग्रॅमच्या फाइलवर राइट क्लिक करून ‘प्रॉपर्टीज’मध्ये ‘डिजिटल सिग्नेचर्स’ पाहावे. सही कुणाची आणि वैध आहे का, ते तिथे कळते. सही नाही म्हणजे फाइल वाईटच असे नव्हे, पण मग ती अधिकृत संकेतस्थळावरूनच घेतलेली असली पाहिजे.

फाइलचा ठावठिकाणाही बोलतो. ‘एसव्हीसीहोस्ट’ हा विंडोजचा खरा प्रोग्रॅम सिस्टिम३२ फोल्डरात राहतो. त्याच नावाची फाइल ‘डाउनलोड्स’मध्ये सापडली, तर तो बहुरूपी समजावा.

तिसरी पायरी ठशाची. ‘सर्टयुटिल’ या विंडोजमधल्याच साधनाने फाइलचा ६४ अक्षरी एसएचए-२५६ हॅश, म्हणजे तिचा ठसा, मिळतो. तो व्हायरसटोटलवर शोधला, की ती फाइल आधी कुणी तपासली असल्यास डझनावारी अँटिव्हायरसांचे मत एकत्र दिसते. फाइल चढवण्यापेक्षा हॅश शोधणे बरे, कारण चढवलेली फाइल इतर संशोधकांच्याही हाती जाऊ शकते. मात्र आजच जन्मलेली फाइल तिथे निर्दोष दिसू शकते.

हे सारे पाच-दहा मिनिटांचे काम, पण समोर ग्राहक आणि डोक्यावर विवरणपत्राची तारीख असताना हिशेबनिसाला तेवढीही उसंत मिळत नाही. ती मालकाने द्यावी. ‘थांबा, पाठवणाऱ्याला फोन करते,’ असे हिशेबनीस म्हणाली, तर तिच्यावर खेकसू नये.

आणि विश्वासातल्या अपडेटमधूनही घात होतो, हे न्हावाशेव्याने दाखवले आहे. म्हणून दर शनिवारी टॅलीचा बॅकअप बाहेरच्या ड्राइव्हवर घेऊन, तो ड्राइव्ह संगणकापासून काढून कपाटात ठेवावा.